अंजिराची ढेप

आमच्या दारव्ह्याच्या चर्चमध्ये पत्र्याचा एक डबा आहे. मूळचा बिस्किटांचा, झाकणावरचं चित्र कधीच घासून गेलेलं. एक जानेवारीच्या सकाळी उपासना आटोपली की तो पुढच्या टेबलावर येतो आणि सगळी मंडळी रांगेनं जाऊन त्यात हात घालते. आत दोऱ्यानं बांधलेल्या कागदाच्या वळ्या असतात, प्रत्येक वळीत शास्त्रातलं एक वचन. जे हाती लागेल ते आपलं वर्षाचं वचन. ते तिथंच उभं राहून मोठ्यानं वाचायचं, बाकीच्यांनी आमेन म्हणायचं, आणि मग घरी नेऊन आरशाच्या चौकटीत खोचायचं. ज्याचा वाढदिवस असेल त्याला त्या महिन्याच्या पहिल्या रविवारी आणखी एक वळी काढता येते. ही रीत कुणी सुरू केली ते कुणालाच ठाऊक नाही, त्यामुळे ती बंद करायची कुणाची टाप नाही.

या वळ्या मी लिहिते. आठवीत होते तेव्हापासून. माझं अक्षर चांगलं, एवढाच माझा गुन्हा. चर्चचे पाळकसाहेब बदलत गेले, सूचना एकच राहिली: बाई, गोड गोड लिहा. आता शास्त्रात काय नुसतं गोडच आहे? शाप आहेत, दुष्काळ आहेत, टोळधाडी आहेत. पण वर्षाच्या पहिल्या दिवशी कुणाच्या हातात टोळधाड द्यायची? म्हणून मी निवडून लिहिते, आणि वचन लांब असलं तर कापते. पट्टी दोन बोटं रुंद. त्यात बसेल तेवढाच देव.

आणि सोमवार ते शुक्रवार मी यवतमाळला असते. तिथं धर्मशिक्षणाच्या एका लहानशा शाळेत शिकवते. विषय असा, की शास्त्राचा अर्थ ख्रिस्ती लोकांनी दोन हजार वर्षांत कसकसा लावला. पोरं पहिल्या दिवशी घाबरतात, कारण त्यांना वाटत असतं अर्थ एकच असतो आणि तो त्यांच्या गावच्या पाळकाला माहीत असतो. मी सांगते, बाबांनो, सुरुवातीपासून भांडणच आहे. अलेक्झांड्रियाचे विद्वान म्हणत, शब्द हे नुसतं टरफल, खरा अर्थ आत. अंतुखियाचे म्हणत, आधी घडलं काय ते पाहा, आत-बाहेर नंतर. मग मधल्या काळातल्या मठवाल्यांनी प्रत्येक ओळीला चार अर्थ लावून दिले: घडलं काय, मानायचं काय, वागायचं कसं आणि शेवटी जायचं कुठं. यरुशलेम म्हटलं की ते शहरही, मंडळीही, माणसाचा जीवही आणि स्वर्गही. पुढं युरोपात धर्मसुधारणावाले आले. ते म्हणाले, पुरे झालं, साधा अर्थ घ्या, शास्त्राचा अर्थ शास्त्रालाच लावू द्या. त्यानंतरचे पंडित कोणती ओळ कुणी लिहिली, कधी लिहिली, त्यात हात किती जणांचे, हे शोधत बसले. आणि आमच्या काळात गरिबांनी, बायकांनी, गावकुसाबाहेरच्यांनी पुस्तक हाती घेऊन विचारलं, यात आम्ही कुठं आहोत?

हे सगळं शिकवताना मी डब्याची टिंगल करत असे. ओळीला मागचा-पुढचा संबंध असतो, ती तोडून भविष्यासारखी वापरायची नाही, असं फळ्यावर लिहून त्याखाली दोन रेघा मारायची. आणि शनिवारी दारव्ह्याला येऊन कात्री घेऊन बसायची. वर्गात एक आणि घरात एक. माझ्यासारखे लोक बरेच असतात, पण ते कबूल करत नाहीत.

दारव्ह्याच्या घरात मोठीमाय होती. माझ्या वडिलांच्या थोरल्या भावाची बायको. तिला मूल नव्हतं, आणि माझी आई दिवसभर शिवणाच्या मशीनवर, म्हणून मला वाढवलं मोठीमायनं. तिनं अंगणवाडी चालवली, थेट निवृत्त होईपर्यंत. तांड्यावरच्या, मोहल्ल्यातल्या किती अडलेल्या बायांना तिनं दवाखान्यात ओढत नेलं त्याला हिशोब नाही. घरचे नवसाचं सांगत, मुहूर्ताचं सांगत, ही कुणाचं ऐकत नसे. "देवाचं मंग पाहू, आधी जीपमदे बस," हे तिचं वाक्य सगळ्या तालुक्याला पाठ होतं.

अशा बाईनं चार वर्षांपूर्वी एक जानेवारीला डब्यातून वळी काढली. दोरा सोडला, चष्मा वर केला आणि वाचली. ती शास्त्रातल्या एका गाण्यातली ओळ होती. अर्थ असा, की मी मरायची नाही, जगायची आहे. अक्षर माझं. मंडळीनं आमेन म्हटलं. मोठीमायचा चेहरा असा उजळला, की मला जरा नवलच वाटलं. पण मी तेव्हा पुढच्या माणसाची वळी सोडवत होते.

कारण कळलं एप्रिलमध्ये. ईस्टरच्या सुटीत मी घरी होते. माळ्यावरचं सूप काढायला तिनं हात वर केला आणि अर्ध्यातच खाली घेतला. मी म्हटलं, काय झालं? म्हणाली, काही नाही. मी काही सोडणारी नव्हे. हात लावून पाहिलं तर काखेजवळ छातीत गाठ. लिंबाएवढी.

"कधीपासून आहे हे?"

"झाले असन पाच-सात महिने."

"आणि तू बोलली नाहीस?"

"बोलनारच होती. मंग जानेवारीत वचन भेटलं. मंग कायले बोलाचं?"

तपासणीला ती आली, माझ्या आरडाओरड्यामुळे. "पाहाले काय जाते," म्हणाली. यवतमाळच्या डॉक्टरबाईंनी सुई घालून पाहिलं, आठ दिवसांनी कागद दिला आणि सांगितलं, ऑपरेशन करावं लागेल, लवकर करावं लागेल, महिना-दीड महिन्याच्या वर जाऊ देऊ नका. बाहेर येऊन आम्ही दारव्ह्याच्या एसटीत बसलो. मोठीमायनं खिडकीची जागा धरली आणि म्हणाली, "मी काई येत नाई बावा ऑपरेशनले. मले वचन भेटलं हाये."

मला आधी राग आला. खरं म्हणजे ती भीती होती, पण मला भीती नेहमी रागाचंच लुगडं नेसून येते. लाडखेड येईपर्यंत मी तिकिटाच्या घड्या घालत बसले. मग विचार केला, अगं, तू शिकवतेस काय? दोन हजार वर्षांची हत्यारं तुझ्या घरात पडलीयेत. एक तरी चालेल.

पहिलं हत्यार अंतुखियाचं. म्हटलं, "मोठीमाय, ती ओळ तुझ्यासाठी नाही. ते एक जुनं गाणं आहे. लढाईतून वाचलेले लोक मंदिराच्या दारात गात होते. त्यातला 'मी' म्हणजे ते लोक."

"असं हाये का?" ती भाजी निवडत होती. "मंग आपून ऐतवारी ते गानं कायले म्हनतो? आपून का लढाई करून येतो?"

दुसरं अलेक्झांड्रियाचं. जगणं म्हणजे शरीराचं नव्हे, आत्म्याचं. मरण म्हणजे पापाचं. मोठे मोठे विद्वान असंच म्हणून गेलेत. तिनं हातातली जुडी खाली ठेवली आणि माझ्याकडं पाहिलं. "म्हंजे मी मरतेच, पन आत्मा राह्यते, असं सांगून राह्यली का तू मले?" मी ती जुडी उचलून निवडायला घेतली. त्या शाळेचं हे एक आहे, ऐकायला फार सुंदर, पण आजारी माणसाजवळ उच्चारू नये.

तिसरं सुधारणावाल्यांचं: शास्त्राचा अर्थ शास्त्रानंच लावायचा. ही माझी मोठी चूक. कारण हा नियम तिला फार पसंत पडला. दुसऱ्या दिवशी सकाळी चहाच्या कपाशेजारी शास्त्र उघडून, चष्मा लावून ती तयारच बसली होती. "हे पाय. या राजाचे पाय दुखत होते. त्यानं देवाले नाई इचारलं, वैदूकडं गेला. काय झालं? मेला! शास्त्रानंच शास्त्राचा अर्थ लागला का नाई?"

नियम मी दिला, आणि फटकाही मलाच. पण मग मला दुसरा राजा आठवला. तो मरायला टेकला होता. देवानं त्याचं रडणं ऐकलं, संदेष्ट्याला, म्हणजे आपला निरोप सांगणाऱ्या माणसाला, पाठवून सांगितलं, तू बरा होशील, तुला आणखी पंधरा वर्षं दिली. वचन मिळालं, आता झालं ना? तर नाही. तोच संदेष्टा पुढं म्हणतो, अंजिराची ढेप आणा आणि राजाच्या गळवावर बांधा. मी पान काढून तिच्यासमोर सरकवलं. "बघ. वचन मिळाल्यावरही औषध लावलंच की नाही? देव म्हणाला जगशील, आणि तरी ढेप बांधायला लावली."

मोठीमायनं ते दोनदा वाचलं. मला वाटलं, जिंकले. मग म्हणाली, "बराबर हाये. पन त्याले संदेष्ट्यानं सांगतलं, ढेप लाव म्हनून. मले कोन सांगतलं? मले येवढंच सांगतलं, मरत नाई म्हनून. ढेपीचं वचन माया हातात आलं असतं, तं मी गेली असती."

मग मी डब्यावरच घसरले. म्हटलं, अशा चिठ्ठ्या काढायला जुन्या धर्मसभांनी मनाई केली होती. तिनं विचारलं, "त्या सभेत बाया होत्या का?" मी म्हटलं, नव्हत्या. "मंग झालं," म्हणाली. आणि वर मीच तिला कधीतरी सांगितलेली गोष्ट माझ्यावर उलटवली: एक मोठा विद्वान बागेत बसून रडत होता, लेकराचा आवाज ऐकून त्यानं पुस्तक उघडलं, हाती आली ती ओळ वाचली आणि त्याचं आयुष्य पालटलं. "त्याचं खरं, अन् मायं खोटं? तो साहेब होता म्हनून?"

शेजारच्या बौद्ध मोहल्ल्यात तिची अंगणवाडीतली जुनी मदतनीस राहायची. दोघींनी तीस वर्षं एका सतरंजीवर पोरं सांभाळली. तिला कळलं तशी ती ताडताड चालत आली. "अवो बाई, कागदानं गाठ जाते काय? आमच्या घरच्यायनं छप्पन साली सारे गंडे-दोरे वाहत्या पान्यात सोडले, अन् तू आता चिठ्ठीवर बसली!" मोठीमाय तिच्याशी दोन दिवस बोलली नाही. तिसऱ्या दिवशी डाळीचं वरण पाठवलं, पण मुद्दा सोडला नाही.

मे संपत आला. डॉक्टरबाईंचा फोन मला दोनदा येऊन गेला. मोठीमाय दुखणं दाखवत नव्हती, पण पदर डाव्या खांद्यावरून घेताना दात आवळायची. रात्रंदिवस माझ्या डोक्यात तिचं एकच वाक्य: ढेपीचं वचन माझ्या हातात आलं असतं तर. आणि एके दिवशी कॅलेंडर पाहताना लक्षात आलं, जून लागतोय.

जूनचं असं आहे. आमच्या पिढीच्या आधीच्या कुणालाच आपली जन्मतारीख माहीत नाही. शाळेत नाव घालताना गुरुजींनी सगळ्यांची एक जून लिहिली. त्यामुळे अर्ध्या दारव्ह्याचा वाढदिवस एक जूनला असतो, मोठीमायचाही. जूनच्या पहिल्या रविवारी डबा निघतो आणि हे एकजूनवाले वळ्या काढतात. आमच्याकडं असे अकरा जण. रीत अशी, की वयानं मोठा तो आधी. मोठीमाय सगळ्यांत मोठी.

तर मी काय केलं ते सांगते. शनिवारी दुपारी दार लावून बसले आणि तीस पट्ट्या कापल्या. तिसांवर एकच वचन लिहिलं: अंजिराची ढेप आणून गळवावर बांधा, म्हणजे तो बरा होईल, या अर्थाचं. तीस वेळा. शास्त्राचा उपयोग असा करू नये हे ज्या हातानं फळ्यावर लिहायचे त्याच हातानं. डब्यातल्या नेहमीच्या वळ्या काढून पर्समध्ये टाकल्या आणि या तीस डब्यात भरल्या. बेत साधा होता. मोठीमाय पहिली वळी काढेल. मग काहीतरी निमित्त करून मी डबा आतल्या खोलीत नेणार आणि पर्समधल्या नेहमीच्या वळ्या त्यात भरून आणणार. बाकी दहा जणांना नेहमीचं गोड गोड मिळणार. कुणाचं काही बिघडणार नव्हतं.

बेत कागदावरच बरे असतात.

उपासना संपली आणि पाळकसाहेबांनी डबा माझ्या हातून घेतला. उमरखेडकडचे, नवीन, तरुण, भारी उत्साही. "ताई, तुम्ही बसा, आज मी धरतो." मी म्हटलं, नको, मी धरते. ते म्हणाले, अहो बसा हो. एवढ्यात मोठीमाय उठली, मला वाटलं चला, निदान पहिली ती. तर ती बाजूला सरली आणि हात करून म्हणाली, "माया आधी बाकीच्यायले काढू द्या. मले काई घाई नाई. मायं वचन मले भेटलेलं हाये."

मी अर्धी उठले, पण पाळकसाहेबांनी डबा पुढं केला होता.

पहिले आले एसटीतून निवृत्त झालेले कंडक्टरकाका. वळी सोडली, वाचली. ढेप, गळू. मंडळी जरा चमकली. असं वचन डब्यात कधी नसतं. तरी आमेन झालं. दुसरी एक बाई. ढेप, गळू. कुणीतरी हसलं. तिसरा माणूस वाचायच्या आधीच घाबरला होता. चौथ्या वेळी मागच्या बाकांवरचे लोक उठून उभे राहिले. पाळकसाहेबांनी डबा उंच धरला. "मंडळी," ते म्हणाले, "प्रभू आज आपल्याशी एकच गोष्ट बोलतोय!"

आणि मग जे झालं ते मी वर्गात तीन महिन्यांत शिकवते, ते दारव्ह्यात दहा मिनिटांत उरकलं. कंडक्टरकाकांच्या मानेवर खरंच एक फोड होता. ते विचारायला लागले, अंजीर किराण्यात मिळेल की यवतमाळहून आणावं लागेल? दुसरी बाई म्हणाली, छे हो, गळू म्हणजे पाप आणि ढेप म्हणजे कृपा. एक जण म्हणाले, याचा अर्थ एवढाच की आपण आजाऱ्यांची सेवा करत नाही, ती करावी. एका म्हाताऱ्याला वाटलं, आपला शेवट जवळ आला आणि वरती बरं होणं आहे. कॉलेजात जाणारी एक पोरगी तेवढी मागच्या बाकावर कुणाची तरी वळी निरखत म्हणाली, "पन सगळ्या वळ्या एकाच पेननं लिवल्या हाये ना. शाईपन नवीनच दिसते." तिच्याकडं कुणी लक्ष दिलं नाही. पंडितांकडं सुरुवातीला कुणीच देत नाही. मी मात्र पर्स पोटाशी धरून पायाखालच्या फरश्या मोजत होते.

शेवटी मोठीमायची पाळी आली. ती डब्याशी गेली. हात आत घातला नाही. मान वळवून माझ्याकडं पाहिलं. मी लहानपणी गुळाचा खडा तोंडात ठेवून खोटं बोलायचे तेव्हा पाहायची तसं. मग एक वळी काढली, दोरा सोडला, चष्मा वर केला आणि वाचली. तिनं वाचलं ते मेंढपाळाचं आणि हिरव्या कुरणाचं एक वचन, तोंडपाठ असलेलं. वळीत ते नव्हतंच, कुठल्याच वळीत नव्हतं. मंडळीनं सुटकेचा श्वास टाकून आमेन म्हटलं. चमत्कार तिथंच मोडला. पाळकसाहेबांनी डब्याचं झाकण लावलं आणि मोठीमायनं ती वळी ब्लाऊजमध्ये खोचली.

घरी येताना ती माझ्या पुढं पुढं चालत होती. फाटकाशी पोचल्यावर म्हणाली, "किती लिवल्या?"

"तीस."

"तीस वेळा येकच? हात नाई दुखला?"

मला रडू फुटलं. म्हटलं, "मोठीमाय, माफ कर. शास्त्राशी खेळ केला मी. पण तू ऐकतच नव्हतीस."

"शास्त्राचं शास्त्र पायन," ती म्हणाली. "मी तं तुयं अक्षर वाचलं. तू लहानपनापासून लिवते, तुयं अक्षर कधी हाललं नाई. या वळीत हाललेलं हाये. तू येवढी शिकेल पोरगी, खोटं लिवाले बसली, तं तू किती भेली असशीन! डाक्टरनं तुले काई सांगतलं असन, जे तू मले नाई सांगतलं. हाये ना?"

डॉक्टरबाईंनी मला खरोखरच सांगितलं होतं, की उशीर आधीच झालाय. मी मान हलवली.

"मंग चाल," म्हणाली. "संदेष्टा पाह्यजे होता ना मले? घरातच होता, रडका. उद्या सकायची गाडी पाय."

ऑपरेशन झालं. पाळकसाहेबांना मी सगळं कबूल केलं. ते दोन महिने माझ्याशी बोलले नाहीत, आणि त्यांचं बरोबरच होतं. डिसेंबर आला तसा त्यांनी डबा माझ्याकडं पाठवला. दुसऱ्या कुणाचं अक्षर चांगलं नाही. कंडक्टरकाकांचा फोड मधल्या काळात अंजीर बांधून की आपोआप, पण बरा झाला होता, आणि ते भेटेल त्याला ही गोष्ट सांगत फिरत होते. त्यांना खरं सांगायचा धीर मला आजही नाही.

मोठीमाय तीन वर्षं जगली. चांगली जगली, शेजारणीशी भांडली, तांड्यावरच्या दोन बायांना जीपमध्ये बसवलं. मग गेल्या पावसाळ्यानंतर दुखणं पाठीत उतरलं, आणि डॉक्टरबाई म्हणाल्या, आता घरीच ठेवा.

डिसेंबरात मी रजा काढून तिच्या खाटेशेजारी बसले होते. मांडीवर पाट, पाटावर पट्ट्या. जानेवारीच्या वळ्या लिहायच्या होत्या. तीन वर्षं जी गोष्ट पोटात ठेवली होती ती मी त्या दुपारी काढली.

"मोठीमाय, तुला ते पहिलं वचन मिळालं होतं ना, मरत नाही, जगेन. त्याच्या पुढं आणखी एक ओळ आहे. मार फार बसला, पण जीव राखला, अशी. ती मी कापली होती. पूर्ण लिहिली असती तर तू सावध झाली असतीस. जानेवारीतच गेली असतीस दवाखान्यात."

तिनं पाटावरची एक पट्टी उचलून बोटांनी मोजली.

"पट्टीत जागा नसन," म्हणाली.

"नव्हती."

"मंग?" पट्टी परत ठेवून तिनं विचारलं, "त्या राजाले ढेप बांधून किती वर्सं भेटले होते?"

"पंधरा."

"मले तीन भेटले." ती हसली, हसताना तिला खोकला आला, मी पाणी दिलं. "तो राजा होता. मी का राजा हाओ? अंगनवाडीवालीले तीन लय झाले."

मी रडत होते, आणि या वेळी रागाचं सोंगही आणता येईना.

"ये पोरी, तिकडं तोंड करून रड," मोठीमाय म्हणाली. "पट्टीवर पानी पडून राह्यलं. लोकायले वाचता आलं पाह्यजे."

मी ती ओली पट्टी बाजूला ठेवली, डोळे पुसले आणि तीन बोटं रुंद अशी नवी कापली.